रिसिव्हरला उंची लागते की चकवा? अमेरिकन फुटबॉलचं हे गणित डॉन हटसनने ९० वर्षांपूर्वीच सोडवलं होतं

तारीख २२ सप्टेंबर १९३५. अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यातलं ग्रीन बे हे छोटं शहर. समोर शिकागो बेअर्ससारखा तगडा संघ. ग्रीन बे पॅकर्सच्या हातात चेंडू आला होता आणि त्यांची ही सामन्यातली पहिलीच चाल होती.

पॅकर्सच्या एका बाजूला जॉनी ब्लड उभा होता. नाव मोठं होतं, त्यामुळे बेअर्सचं लक्ष त्याच्याकडे. दुसऱ्या बाजूला एक नवखा, सडपातळ पोरगा उभा होता. त्याच्याकडे फारसं कुणी बघतही नव्हतं.

चाल सुरू झाली. पोरगा पळत सुटला आणि बेअर्सच्या बचावपटूला काही कळायच्या आत त्याच्या पुढे निघून गेला. मागून अर्नी हर्बरने चेंडू लांब भिरकावला, पोरग्याने तो पळता पळताच झेलला आणि थेट शेवटची रेषा ओलांडली. ८३ यार्डांचा टचडाउन.

सामना पॅकर्सने ७-० असा जिंकला. म्हणजे पूर्ण सामन्यात कामाची ठरली ती हीच एक चाल.

त्या पोरग्याचं नाव डॉन हटसन. उंची ६ फूट १ इंच, वजन साधारण ८३ किलो. हा गडी प्रोफेशनल फुटबॉलमध्ये टिकेल का, अशी शंका तेव्हा अनेकांना होती. पुढच्या ११ वर्षांत त्याने या खेळाचे इतके विक्रम मोडले की त्यातला एक मोडायला पुढे ४४ वर्षं गेली.

आज अमेरिकन फुटबॉलमध्ये दरवर्षी एक वाद रंगतो. वाइड रिसिव्हर किती उंच असावा? ६ फूट ५ इंचाचा गडी घ्यावा की ५ फूट १० इंचाचा? या वादाचं उत्तर शोधायचं असेल तर हटसनची गोष्ट माहिती पाहिजे.

आधी खेळ समजून घेऊ

अमेरिकन फुटबॉल म्हणजे आपण ज्याला फुटबॉल म्हणतो तो नाही. चेंडू अंडाकृती असतो आणि बहुतेक वेळ हातातच असतो. १०० यार्डांचं मैदान, दोन्ही टोकांना एंड झोन. चेंडू घेऊन समोरच्या संघाच्या एंड झोनमध्ये पोचलं की टचडाउन, त्याचे ६ गुण.

चेंडू पुढे न्यायचे दोन मार्ग. एक, हातात धरून अंगावर येणाऱ्यांना भिडत पळायचं. दोन, क्वार्टरबॅकने तो लांब फेकायचा आणि पुढे पळालेल्या गड्याने झेलायचा. हा झेलणारा गडी म्हणजे रिसिव्हर. त्याला अडवायला समोरच्या संघाचा एक बचावपटू कायम चिकटलेला असतो.

आता उंचीचा मुद्दा. फेकलेल्या चेंडूखाली रिसिव्हर आणि बचावपटू दोघंही एकाच वेळी पोचले, तर चेंडू कुणाचा? ज्याचा हात वर पोचेल त्याचा. म्हणून उंच रिसिव्हरला भाव असतो. एंड झोनच्या जवळ तर पळायला जागाच उरत नाही, तेव्हा क्वार्टरबॅक चेंडू उंच टाकतो आणि लंबू गडी उडी मारून तो काढून घेतो. लांब हातांचा आणखी एक फायदा म्हणजे थोडा इकडेतिकडे गेलेला चेंडूही पकडता येतो.

समजा रिसिव्हर ६ फूट ५ इंचाचा आणि बचावपटू ५ फूट १० इंचाचा आहे. फरक झाला ७ इंचांचा. ७ इंच म्हणजे खूप वाटतात. पण रिसिव्हर बचावपटूपासून फक्त एक यार्ड सुटला, तर हे अंतर होतं ३६ इंचांचं. तिथे बचावपटूचा हात पोचतच नाही. मग उंची कुणाची किती, हा प्रश्नच निघत नाही.

७ इंच विरुद्ध ३६ इंच. हटसनचं सगळं करिअर या ३६ इंचांवर उभं राहिलं.

साप पाळणारा पोरगा

डॉन हटसनचा जन्म ३१ जानेवारी १९१३ चा. गाव पाइन ब्लफ, राज्य आर्कान्सॉ. वडील रेल्वेत कंडक्टर होते. लहानपणी डॉन बॉय स्काउटमध्ये होता आणि त्याला साप पाळायचा, सापांशी खेळायचा नाद होता. आपल्या अंगातली चपळाई त्यातूनच आली, असं तो पुढे सांगायचा.

फुटबॉल हे काही त्याचं पहिलं प्रेम नव्हतं. त्याचा ओढा बेसबॉलकडे होता. शाळेच्या फुटबॉल संघातून तो खेळला तोही अगदी शेवटच्या वर्षी. म्हणजे ज्या वयात बाकीची पोरं मैदानावर तयार झालेली असतात, त्या वयात हा सुरुवात करत होता.

पुढे तो अलाबामा विद्यापीठात गेला. तिथे कोच होते फ्रँक थॉमस. सुरुवातीला हटसनला फारशी संधी मिळाली नाही. पण तो फुटबॉलसोबत बेसबॉल खेळायचा आणि ट्रॅकवर पळायचाही. १०० यार्ड त्याने ९.८ सेकंदांत कापले होते. एकाच दिवशी बेसबॉलचा सामना आणि शर्यत अशी वेळ आली, तेव्हा पठ्ठ्याने बेसबॉलच्या कपड्यांच्या आत शर्यतीचे कपडे घातले, मधल्या वेळेत जाऊन पळून आला आणि परत सामन्यात उतरला, असा किस्सा आजही सांगितला जातो.

९.८ सेकंदांत १०० यार्ड म्हणजे सेकंदाला साधारण १० यार्ड. म्हणजेच सेकंदाच्या दहाव्या भागात एक यार्ड. बचावपटूचा तोल डोळ्याचं पातं लवतं न लवतं इतका वेळ जरी चुकीच्या बाजूला गेला, तरी हटसनला हवा असलेला एक यार्ड मिळून जायचा. हे गणित लक्षात ठेवा.

दुसऱ्या टोकाचा लंबू

अलाबामाच्या संघात दोन टोकांना दोन एंड खेळायचे. रिसिव्हरच्या जागेला तेव्हा एंड म्हणत. एका टोकाला हटसन आणि दुसऱ्या टोकाला पॉल ब्रायंट. ब्रायंटही आर्कान्सॉचाच. लहानपणी जत्रेत अस्वलाशी कुस्ती खेळायला उतरला म्हणून त्याचं नाव पडलं बेअर ब्रायंट.

ब्रायंट हटसनपेक्षा उंच होता, ६ फूट ४ इंच. अंगापिंडानेही मजबूत. नुसती मापं बघून निवड करायची तर कुणीही आधी ब्रायंटवर बोट ठेवलं असतं. पण अलाबामाचा फेकणारा गडी चेंडू कुणाला शोधत फेकायचा, तर हटसनला. ब्रायंटची ओळख झाली ती संघातला दुसरा एंड म्हणून.

१ जानेवारी १९३५ ला कॅलिफोर्नियात रोझ बोल झाला. कॉलेज फुटबॉलमधला तेव्हाचा सगळ्यात मानाचा सामना. स्टँडमध्ये ८० हजारांहून जास्त लोक. समोर स्टॅनफर्ड. हटसनने ६ झेल घेतले, १६५ यार्ड काढले आणि दोन टचडाउन केले. दोन्ही टचडाउन ५० यार्डांपेक्षा लांबचे. अलाबामाने सामना २९-१३ असा मारला आणि देशभरात हटसनचं नाव झालं.

ब्रायंटचं पुढे काय झालं? १९३६ मध्ये त्याला प्रोफेशनल संघाने निवडलं, पण तो प्रोफेशनल फुटबॉल कधीच खेळला नाही. तो कोच झाला आणि अलाबामाला सहा राष्ट्रीय विजेतेपदं मिळवून देत अमेरिकेतल्या सगळ्यात नावाजलेल्या कोचपैकी एक ठरला. उंचीने त्याचं काही अडवलं नाही, पण उंचीने त्याला रिसिव्हरही केलं नाही.

१७ मिनिटांनी बदललेलं नशीब

तेव्हा एनएफएलमध्ये फक्त नऊ संघ होते आणि कॉलेज फुटबॉलपुढे एनएफएलला फारसं कुणी विचारत नव्हतं. खेळाडूंचा ड्राफ्टही सुरू झाला नव्हता, तो सुरू झाला १९३६ मध्ये. त्यामुळे खेळाडूला वाटेल त्या संघाशी करार करता यायचा.

हटसनच्या मागे दोन संघ लागले. ग्रीन बे पॅकर्स आणि ब्रुकलिन डॉजर्स. हटसनने काय केलं, तर दोन्हीकडे सही करून टाकली. दोन्ही करार एकाच दिवशी लीगच्या ऑफिसकडे पोस्टाने रवाना झाले.

आता हा खेळाडू कुणाचा, असा पेच लीगचे अध्यक्ष जो कार यांच्यापुढे उभा राहिला. त्यांनी साधा मार्ग काढला. दोन्ही पाकिटांवरचे पोस्टाचे शिक्के बघितले. पॅकर्सच्या पाकिटावर वेळ होती सकाळचे ८.३०, ब्रुकलिनच्या पाकिटावर ८.४७. फरक फक्त १७ मिनिटांचा. हटसन पॅकर्सचा झाला.

ही १७ मिनिटं महत्त्वाची का? कारण त्या काळात बहुतेक संघ चेंडू फेकण्यापेक्षा तो घेऊन पळण्यावर भर द्यायचे. पॅकर्सचे कोच कर्ली लॅम्बो यांना मात्र फेकीचं वेड होतं. हटसन अशा संघात गेला असता जिथे चेंडू हवेत जातच नाही, तर त्याचा वेग कुणाच्या कामाला आला असता?

पॅकर्सने त्याला एका सामन्याचे ३०० डॉलर द्यायचं कबूल केलं. ही रक्कम बाकीच्या खेळाडूंना कळली तर ते नाराज होतील, म्हणून त्याला दोन वेगवेगळ्या बँकांचे १५०-१५० डॉलरचे चेक दिले जायचे, असं सांगतात.

शंका कशाची होती?

इथे एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. ६ फूट १ इंच ही उंची त्या काळाच्या मानाने कमी नव्हती. शंका होती ती त्याच्या अंगकाठीची.

आज एनएफएलमध्ये हल्ल्याचे खेळाडू वेगळे आणि बचावाचे वेगळे असतात. तेव्हा तसं नव्हतं. जो गडी चेंडू झेलायचा, त्यालाच पुढच्या खेपेला बचावालाही उभं राहावं लागायचं. एंडच्या जागेवर खेळणाऱ्याला बचावात समोरच्या धिप्पाड गड्यांशी थेट टक्कर घ्यावी लागायची. त्यात ८३ किलोचा सडपातळ गडी किती दिवस तग धरणार?

शिवाय रिसिव्हरला मिळणारं संरक्षणही आजच्यासारखं नव्हतं. आज एनएफएलमध्ये सुरुवातीच्या पाच यार्डांपलीकडे बचावपटूला रिसिव्हरला धक्के देत अडवता येत नाही. हा नियम १९७८ मध्ये आला. हटसनच्या काळात चेंडू हवेत जाईपर्यंत बचावपटू त्याला वाटेत कुठेही धडकू शकायचा. म्हणजे आधी मार चुकवायचा, मग पळायचं, मग झेलायचं.

लॅम्बो यांनी बचावाच्या प्रश्नावर तोडगा काढला. १९३९ मध्ये लॅरी क्रेग नावाचा मजबूत गडी संघात आला. बचावाची वेळ आली की एंडच्या जागेवर क्रेग जायचा आणि हटसनला मागे सेफ्टीच्या जागी पाठवलं जायचं. तिथे टक्कर कमी आणि समोरच्याची फेक मध्येच पकडायची संधी जास्त. हटसनने तिथेही ३० वेळा समोरच्या संघाची फेक मध्येच झेलली. ज्याच्या अंगकाठीची चिंता होती, तो गडी बचावातही कामाचा निघाला.

रूट म्हणजे हुलकावणीचा नकाशा

हटसनचं खरं काम मात्र पुढेच होतं.

त्याच्या आधी रिसिव्हरने सरळ पळत जायचं आणि चेंडू येईल तिथे हात घालायचे, असा साधारण प्रकार होता. हटसन आणि लॅम्बो यांनी त्याला शिस्त लावली. किती यार्ड सरळ जायचं, कुठे थांबायचं, कुठे वळायचं, हे आधी ठरवायचं. क्वार्टरबॅकलाही ते माहिती असायचं. बचावपटूला मात्र नाही. या ठरलेल्या वाटेला म्हणतात रूट. आज रिसिव्हर ज्या रूट पळतात, त्यातल्या अनेकांचं श्रेय हटसनला दिलं जातं.

खो-खोमध्ये चांगला खेळाडू कसा पळतो ते आठवा. खांदा एकीकडे टाकतो, मागचा तिकडे झेपावतो आणि हा दुसरीकडून निघून जातो. हटसन हेच करायचा. सरळ पळताना अचानक थांबायचा. बचावपटूही थांबला की पुन्हा सुसाट सुटायचा. कधी बाहेर वळल्यासारखं करून आत यायचा, तर कधी आत वळल्यासारखं करून बाहेर जायचा. सगळ्यात मोठी युक्ती म्हणजे तो सुरुवातीपासून पूर्ण वेगात पळायचाच नाही. बचावपटूला वाटायचं, याचा वेग एवढाच. आणि चेंडू हवेत गेला की हा खरा वेग काढायचा.

सेकंदाच्या दहाव्या भागात एक यार्ड, हे गणित इथे कामाला यायचं.

त्याला चेंडू पुरवणारा अर्नी हर्बर हाही गंमतीशीर गडी. मूळचा ग्रीन बेचाच. त्याची बोटं आखूड होती, त्यामुळे चेंडू नीट पकडीत यायचा नाही. म्हणून तो अंगठा चेंडूच्या शिवणीवर ठेवून फेकायचा आणि तेव्हाच्या लीगमध्ये लांब फेकीसाठी त्याचाच बोलबाला होता. आखूड बोटांचा फेकणारा आणि सडपातळ झेलणारा. मापाच्या कागदावर दोघंही नापास झाले असते.

१९३६ मध्ये या जोडीने पॅकर्सला विजेतेपद मिळवून दिलं. अंतिम सामन्यात बॉस्टन रेडस्किन्सचा २१-६ असा पराभव झाला. १९३९ मध्ये पुन्हा विजेतेपद, तेव्हा न्यूयॉर्क जायंट्सला एकही गुण मिळाला नाही. पुढे हर्बरची जागा सेसिल इसबेलने घेतली आणि हटसन आणखी सुटला.

गोलपोस्टला गिरकी आणि १९४२ चं साल

त्या काळी गोलपोस्ट एंड झोनच्या मागे नव्हता, थेट टचडाउनच्या रेषेवर उभा असायचा. क्लीव्हलँड रॅम्सविरुद्धच्या एका सामन्यातला किस्सा प्रसिद्ध आहे. हटसन गोलपोस्टच्या दिशेने पूर्ण वेगात पळत गेला. बचावपटू शेजारीच. हटसनने पळता पळता एका हाताने खांबाला विळखा घातला, त्याच जोरात गिरकी घेतली आणि दिशाच बदलली. बचावपटू पुढे निघून गेला. हटसनने मोकळ्या जागेत आलेला चेंडू झेलला आणि टचडाउन झाला.

या चालीत उंचीचा संबंध आला का? नाही. मैदानावर एक खांब उभा होता आणि त्याचा वापर करायचं एकाला सुचलं.

मग आलं १९४२ साल. हटसनने ११ सामन्यांत ७४ झेल घेतले, १,२११ यार्ड काढले आणि १७ टचडाउन केले. एका मोसमात १,००० यार्ड ओलांडणारा तो एनएफएलचा पहिला रिसिव्हर ठरला. त्या वर्षी झेलांच्या यादीत दुसऱ्या नंबरवर जो खेळाडू होता, त्याचे झेल होते २७. पहिला ७४, दुसरा २७. यावरून अंदाज येईल की बाकीचे एक खेळ खेळत होते आणि हटसन दुसराच.

१९४१ आणि १९४२ अशी दोन वर्षं तो लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. वर टचडाउननंतरच्या किकही तोच मारायचा. ७ ऑक्टोबर १९४५ ला डेट्रॉइट लायन्सविरुद्ध त्याने फक्त एका क्वार्टरमध्ये, म्हणजे १५ मिनिटांच्या खेळात, २९ गुण केले. चार टचडाउन आणि पाच किक. हा विक्रम आजही कायम आहे.

टचडाउन न करता जिंकून दिलेला सामना

पण हटसनची किंमत कळते ती एका वेगळ्याच सामन्यात, ज्यात त्याने टचडाउनच केला नाही.

१७ डिसेंबर १९४४. न्यूयॉर्कमध्ये जायंट्सविरुद्ध विजेतेपदाचा सामना. तोपर्यंत प्रत्येक संघाने एक गोष्ट शिकून घेतली होती. हटसनला एकटा बचावपटू पुरत नाही. त्याच्यावर दोन गडी लावायचे, कधी तीनही. एका रिसिव्हरसाठी दोन-तीन माणसं अडकवायची, ही पद्धतच मुळात हटसनमुळे रूढ झाली.

पॅकर्सने याच गोष्टीचा फायदा घेतला. हटसनला एका बाजूला पळवलं. जायंट्सचे बचावपटू सवयीने त्याच्या मागे गेले. दुसरी बाजू रिकामी झाली आणि तिथे टेड फ्रिट्शने आरामात चेंडू झेलून टचडाउन केला. त्या दिवशी पॅकर्सचे दोन्ही टचडाउन फ्रिट्शचे. निकाल १४-७ आणि पॅकर्सचं हटसनसोबतचं तिसरं विजेतेपद.

उंच रिसिव्हर चेंडूपर्यंत पोचतो. हटसन समोरच्या संघाची माणसंच मैदानाच्या दुसऱ्या टोकाला घेऊन जायचा.

या विक्रमांची दुसरी बाजू

हटसनचं कौतुक करताना दोन गोष्टी झाकून ठेवता येत नाहीत.

पहिली म्हणजे दुसरं महायुद्ध. १९४२ ते १९४५ या काळात अनेक चांगले खेळाडू सैन्यात गेले होते आणि संघांची ताकद कमी झाली होती. हटसनचे काही मोठे आकडे याच काळातले आहेत. पण त्याआधीही, १९४१ मध्ये त्याने ५८ झेल घेतले होते आणि १९३६ पासूनच तो लीगमध्ये झेलांच्या यादीत वर दिसत होता. युद्धाने त्याचे आकडे फुगवले असतील, पण त्याला घडवलं नाही.

दुसरी गोष्ट जास्त गंभीर आहे. १९३४ ते १९४५ या काळात एनएफएलमध्ये एकही कृष्णवर्णीय खेळाडू नव्हता. लेखी नियम नव्हता, पण संघमालक त्यांना घेतच नव्हते. १९४६ मध्ये केनी वॉशिंग्टनला करार मिळाला आणि ही बंदी मोडली. हटसन खेळला १९३५ ते १९४५. म्हणजे त्याचं पूर्ण करिअर या बंदीच्या आत बसतं. त्याच्याइतका वेगवान, त्याच्यापेक्षा उंच किंवा जास्त चपळ असलेले किती जण दाराबाहेर राहिले, याचा हिशोब कुठल्याच विक्रमाच्या यादीत नाही. हटसनला त्याच्या अंगकाठीबद्दलची शंका मैदानावर खोडून काढायची संधी तरी मिळाली. या लोकांना तेवढीही मिळाली नाही.

विक्रम कुणी मोडले बघा

१९४५ च्या मोसमानंतर हटसन थांबला. त्याआधीही त्याने निवृत्तीची भाषा केली होती, पण प्रत्येक वेळी परत आला होता. थांबला तेव्हा नावावर ४८८ झेल, ७,९९१ यार्ड आणि ९९ टचडाउन झेल होते. झेलांमध्ये आठ मोसमांत तो लीगमध्ये पहिला आला होता आणि टचडाउन झेलांमध्ये नऊ मोसमांत.

पुढे त्याने ग्रीन बेमध्ये बोलिंग ॲली चालवली, नंतर रसीनमध्ये गाड्यांची डीलरशिप घेतली. १९५१ मध्ये पॅकर्सने त्याचा १४ नंबर कायमचा निवृत्त केला. संघाने असा मान दिलेला तो पहिलाच खेळाडू. १९६३ मध्ये प्रो फुटबॉल हॉल ऑफ फेम सुरू झालं, तेव्हा पहिल्या १७ जणांत हटसन होता.

आता उंचीच्या प्रश्नाकडे परत येऊ. हटसनचे दोन मोठे विक्रम पुढे कुणी मोडले, ते बघा.

पहिला, एका मोसमातल्या १७ टचडाउनचा. १९८४ मध्ये मायामी डॉल्फिन्सच्या मार्क क्लेटनने १८ करून हा आकडा मागे टाकला. क्लेटनची उंची ५ फूट ९ इंच. पुढे १९८७ मध्ये जेरी राइसने २२ केले, त्याची उंची ६ फूट २ इंच. २००७ मध्ये रँडी मॉसने २३ केले, उंची ६ फूट ४ इंच.

दुसरा, करिअरमधल्या ९९ टचडाउन झेलांचा. हा टिकला ४४ वर्षं. १९८९ मध्ये तो सिअ‍ॅटल सीहॉक्सच्या स्टीव्ह लार्जंटने मोडला. उंची ५ फूट ११ इंच. वेगाच्या बाबतीतही लार्जंट कुणाच्या डोळ्यात भरणारा नव्हता, त्याचं नाव होतं ते अचूक रूट पळण्यासाठी. त्यालाही नंतर जेरी राइसने मागे टाकलं.

५ फूट ९, ५ फूट ११, ६ फूट २, ६ फूट ४. एकाच पायरीवर वेगवेगळ्या उंचीची माणसं उभी आहेत.

मग उंचीला काहीच अर्थ नाही का? तसंही नाही. हटसनने बचावाला इतकं शहाणं केलं की पुढे बचावपटूही वेगवान झाले, रूट ओळखायला शिकले. मोकळा यार्ड मिळणं अवघड झालं की उंची कामाला येते. ६ फूट ८ इंचांचा हॅरॉल्ड कारमायकल किंवा ६ फूट ५ इंचांचा कॅल्व्हिन जॉन्सन यांच्यावर दोन बचावपटू असले तरी चेंडू वरून टाकता यायचा. जॉन्सनने २०१२ मध्ये १,९६४ यार्ड काढले आणि एका मोसमाचा हा विक्रम आजही त्याच्याच नावावर आहे. पण लंबू गड्याचे प्रश्नही असतात. पूर्ण वेगात असताना लांब पायांना आवर घालणं आणि एका जागी वळणं अवघड जातं, तिथे बुटका गडी पटकन निसटतो. म्हणून संघ दोन्ही प्रकारचे रिसिव्हर ठेवतात.

म्हणजे सरळ हिशोब असा, की बचावपटू चिकटलेला असेल तर उंची लागते. बचावपटूच मागे राहिला असेल तर लागत नाही.

२६ जून १९९७ ला कॅलिफोर्नियातल्या रँचो मिराज इथे हटसनचं निधन झालं. वय ८४. त्याआधी १९९४ मध्ये पॅकर्सने आपल्या इनडोअर सराव केंद्राला त्याचं नाव दिलं होतं.

२०२१ च्या ड्राफ्टमध्ये पुन्हा तीच चर्चा झाली. अलाबामाचाच एक रिसिव्हर, डेव्होंटा स्मिथ. ६ फुटांचा, पण वजन ८० किलोच्याही आत. कॉलेज फुटबॉलचा सगळ्यात मोठा पुरस्कार, हाइसमन ट्रॉफी त्याने जिंकली होती, तरी एवढा बारीक गडी एनएफएलमध्ये टिकेल का, असं लोक विचारत होते. फिलाडेल्फिया ईगल्सने त्याला दहाव्या नंबरवर घेतलं. फेब्रुवारी २०२५ मध्ये तो ईगल्सकडून सुपर बोल जिंकला आणि त्या सामन्यात त्याने लांबची फेक झेलून टचडाउनही केला.

विद्यापीठ तेच, शंका तीच. मधे गेली फक्त ८६ वर्षं.